आधी प्रांत, मग हायकोर्ट : एका अटीची कुळकथा

बार्शी तालुक्यात वाटणीच्या किंवा खरेदीच्या फेरफाराला हरकत येते, मंडल अधिकाऱ्याचा निकाल विरोधात जातो, आणि घरातलं कुणीतरी म्हणतं, "डायरेक्ट हायकोर्टात जाऊ." सोलापूर जिल्ह्याचं हायकोर्टही ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूरच्या सर्किट बेंचमुळे जवळ आलंय. पण तिथं पहिला प्रश्न हाच येतो : प्रांताकडे, म्हणजे उपविभागीय अधिकाऱ्याकडे, अपील केलंत का?

पेशवाईतही दाद पाटील, मामलेदार, सरसुभेदार आणि वर पेशवे अशी चढत जाई. मात्र अपिलं केल्याखेरीज कोर्टाचं दार उघडणार नाही, हे आपल्याकडे कागदावर आलं १८७६ साली, मुंबई महसूल अधिकारिता कायद्यानं. त्याचं कलम ११ सांगतं, की महसूल अधिकाऱ्याच्या कृतीवरून सरकारवर दावा लावायचा तर कायद्यानं दिलेली, मुदतीत करता येण्यासारखी सगळी अपिलं केल्याचं वादीनं आधी सिद्ध करावं. साऱ्याच्या आकारणीची रक्कम तर कलम ४ नं दिवाणी कोर्टाच्या हातातूनच काढून घेतली. त्याच वर्षी सोलापूर भागात पावसानं पाठ फिरवली आणि मोठा दुष्काळ सुरू झाला. रान करपलेल्या कुणब्यानं आकारणीविरुद्ध दाद मागायची ती आकारणी करणाऱ्या खात्याकडेच! ही अट सरकारी तिजोरीच्या काळजीतून जन्मली, असं माझं स्पष्ट मत आहे. बार्शी लाइट रेल्वे १८९७ ला आली. ही अट तिच्या २१ वर्षं आधी इथं पोचली होती.

या अटीची दुसरी शाखा इंग्लंडची. १८५९ मध्ये न्यायाधीश विल्स यांनी एका पाणीपुरवठा कंपनीच्या खटल्यात मांडलं, की ज्या कायद्यानं हक्क दिला त्यानंच उपायही दिला असेल, तर तोच मार्ग धरावा.

स्वातंत्र्यानंतर अटीचा स्वभाव पालटला, आणि हाच भाग मला सर्वांत मोलाचा वाटतो. घटनेच्या अनुच्छेद २२६ नं हायकोर्टाला रिट काढण्याचा थेट अधिकार दिला. मोहम्मद नूह प्रकरणात सुप्रीम कोर्टानं सांगितलं, की आधी दुसरा उपाय संपवा हा कायद्याचा अडसर नाही, कोर्टानं सोयीसाठी आणि विवेकानं पाळायचं धोरण आहे. आणीबाणीत ४२व्या घटनादुरुस्तीनं पुन्हा भिंत बांधली : दुसरा उपाय असेल तर रिट नाही. ४४व्या दुरुस्तीनं ती पाडली. सुप्रीम कोर्टाच्या १९९८ च्या व्हर्लपूल निकालानं अपवाद एकत्र मांडले. मूलभूत हक्कावर घाला, बाजू न ऐकता दिलेला आदेश, अधिकारच नसलेला अधिकारी, किंवा कायद्याच्याच वैधतेला आव्हान असेल, तर अपिलाविना रिट ऐकता येते.

म्हणून वाटणीच्या फेरफारात नोटीसच न देता नाव कमी केलेल्या बहिणीची गोष्ट वेगळी. बाकीच्यांना प्रांताकडे जावंच लागतं, आणि त्या अपिलाला जमीन महसूल संहितेच्या कलम २५० प्रमाणे ६० दिवस मिळतात. नक्कल मिळायला लागलेले दिवस त्यातून वगळतात. तेव्हा नकलेचा अर्ज निकालाच्या आठवड्यातच द्यावा.