पोटाची भिंत आणि खानदेशची जाळी

छातीस बरगड्यांचा पिंजरा आहे, मेंदूस कवटीचें कवच आहे. परंतु पोटाच्या पुढल्या अंगास हाडाचा कसलाही आडोसा नाहीं. आंतड्यांचें वेटोळें जागच्या जागीं धरून ठेवण्याचें काम निसर्गानें कांहीं स्नायूंवर आणि पातळ पडद्यांवर सोंपविलें आहे. या कोटाला तट किती आणि त्याला खिंडार कोठें पडतें, हें नीट उमगण्यास मनुष्याला दोन हजार वर्षें लागलीं. तें खिंडार गरिबाला परवडेल अशा खर्चांत कसें बुजवावें, या प्रश्नाचें एक उत्तर मात्र कोणा मोठ्या विद्यापीठांतून आलें नाहीं. तें नंदुरबारच्या शेजारच्या दोंडाईचा या गांवांतून आलें.

प्रथम तटांची ओळख करून घ्यावी. त्वचा आणि तिच्याखालील मेदाचा थर दूर केला कीं पोटाच्या दोन्ही बाजूंस एकाखालीं एक असे तीन सपाट स्नायू दिसतात. सर्वांत वरचा तो बाह्य तिर्यक् स्नायू; खिशांत हात घातले असतां बोटें ज्या दिशेनें जातात, त्या दिशेनें याचे तंतू वरून खालीं व मध्याकडे उतरतात. त्याच्या खालचा तो आंतर तिर्यक्. याचे बहुतेक तंतू उलट दिशेनें वर चढतात. तिसरा तो आडवा स्नायू; तो कंबरपट्ट्याप्रमाणें पोटास वेढा घालतो. सुतार लांकडाचे पातळ पापुद्रे एकमेकांवर आडवे-उभे चिकटवितो, आणि म्हणूनच ती फळी एका रेषेंत फाटत नाहीं. तीच युक्ति येथें आहे. पुढें मध्यरेषेच्या दोहों बाजूंस बरगड्यांपासून ओटीच्या हाडापर्यंत सरळ स्नायूंची जोडी उभी असते. बाजूचे तिन्ही स्नायू पुढें येतांना पांढऱ्या, चिवट कंडरापटांत रूपांतर पावतात व या जोडीस म्यान करतात. या सर्वांच्या आंत एक बळकट पडदा, मग थोडी चरबी, आणि अखेर आंतड्यांस लागून असलेलें तलम उदरावरण.

इतका बंदोबस्त असूनही जांघेंत एक वाट राहून जाते. गर्भावस्थेंत पुरुषाचे वृषण पोटांतून खालीं उतरतात व आपल्यामागें रक्तवाहिन्या आणि शुक्रवाहिनी यांची दोरी ओढून नेतात. तिच्यासाठीं भिंतींत सुमारें चार सेंटिमीटर लांबीचा तिरपा बोळ असतो. बोळाचें आंतलें दार व बाहेरचें दार समोरासमोर नसल्यामुळें पोटांतला दाब वाढला कीं बोळाच्या भिंती एकमेकींवर दाबल्या जातात व वाट आपोआप मिटते. परंतु मागची भिंत जन्मतःच दुबळी असली, किंवा वयामुळें, जुनाट खोकल्यामुळें वा कुंथण्यामुळें सैल पडली, तर आंतडें त्या वाटेनें बाहेर डोकावूं लागतें. यालाच मराठींत अंतर्गळ म्हणतात. अलीकडे हर्निया हाच शब्द घरोघरीं रुळला आहे. बाहेर आलेलें आंतडें अडकून त्याचा रक्तपुरवठा तुटला, तर कांहीं तासांतच तें सडूं लागतें आणि रोग्याच्या जिवावर बेततें.

शरीर थराथरानें पाहण्याची कल्पना या देशाला नवी नाहीं. सुश्रुतसंहितेंत शव गवतानें वेढून, पिंजऱ्यांत ठेवून, वाहत्या पाण्यांत सात रात्री भिजवावें आणि मग वाळ्याच्या किंवा बांबूच्या कुंच्यानें हळूहळू घासून त्वचेपासून आंतपर्यंतचा एकेक भाग डोळ्यांनीं पाहावा, असें सांगितलें आहे. त्याच ग्रंथांत अंत्रवृद्धीचेंही वर्णन आहे. ती जांघेपर्यंत असेल तर वाट बंद व्हावी म्हणून तेथें डाग द्यावा, खालीं कोशांत उतरली असेल तर वैद्यानें तिच्या वाटेस जाऊं नये, असा तेथील उपदेश आहे. रोग हा वाटेचा आहे हें त्या वैद्यांनीं ओळखलें होतें. पण वाट ज्या भिंतींतून जाते तिची बांधणी उलगडली नव्हती, म्हणून उपाय डागण्यापाशीं थांबला.

युरोपांत १५४३ सालीं व्हेसेलियसच्या ग्रंथांतील चित्रांनीं स्नायूंचे थर एकामागून एक उकलून दाखविले. पोटाच्या भिंतीचा बारकाईनें अभ्यास मात्र एकोणिसाव्या शतकाच्या आरंभीं झाला. लंडनच्या ॲस्टली कूपरनें १८०४ सालीं आडव्या स्नायूच्या आंतला तो बळकट पडदा वर्णिला, आणि इटलींतील स्कार्पानें त्याच दशकांत अंतर्गळावर आपला सचित्र ग्रंथ प्रसिद्ध केला. मुंबईस १८४५ सालीं ग्रँट मेडिकल कॉलेज सुरू झालें आणि पाश्चात्त्य शारीरविद्येचें हें शिक्षण पश्चिम भारतांतील विद्यार्थ्यांस मिळूं लागलें.

या ज्ञानाचें शस्त्रक्रियेंत सार्थक केलें तें एदुआर्दो बास्सिनी यानें. तरुणपणीं, १८६७ सालीं, गॅरिबाल्डीच्या पक्षानें रोमजवळ लढत असतां त्याच्या जांघेंत संगिनीचा वार बसला होता. त्यांतून तो मोठ्या कष्टानें वांचला. पुढें पादुआच्या विद्यापीठांत त्यानें १८८४ पासून अंतर्गळाची नवी शस्त्रक्रिया आरंभिली. नुसतें तोंड शिवून भागत नाहीं, बोळाची मागची भिंतच पुन्हां बांधली पाहिजे, हें त्याचें सूत्र. आंतर तिर्यक्, आडवा स्नायू व आंतला पडदा हे तिन्ही थर एकत्र घेऊन त्यानें ते जांघेच्या अस्थिबंधास शिवले. त्यापूर्वीं वारंवार उलटणारा हा रोग त्याच्या हातीं क्वचितच उलटूं लागला.

तरीही एक उणीव उरली. जे थर मुळांत एकमेकांपासून दूर आहेत ते ताणून शिवले कीं टांक्यांवर ओढ बसते, आणि ओढ बसलेली शिवण आज ना उद्यां उसवते. फाटक्या धोतराचे कांठ ओढून शिवण्यापेक्षां ठिगळ लावणें शहाणपणाचें, हें कोणतीही गृहिणी जाणते. अमेरिकेंतील अशर या शल्यवैद्यानें १९५८ च्या सुमारास पॉलिएथिलीनच्या जाळीचें ठिगळ वापरलें; पुढें पॉलिप्रॉपिलीनची जाळी आली, आणि १९८९ सालीं लिक्टेनस्टाइननें ओढविरहित शस्त्रक्रियेचे आपले अनुभव प्रसिद्ध केल्यावर ती जगभर मान्य झाली. स्नायूचे तंतू जाळीच्या छिद्रांतून वाढणाऱ्या ऊतींनीं ठिगळाशीं एकजीव होतात, हें तिचें मर्म.

पण ही परदेशी जाळी महाग होती. सातपुड्याच्या उतारावरील अक्राणी-अक्कलकुव्याचा मजूर, ऊसतोडीस गुजराथेंत जाणारें कुटुंब, नंदुरबारच्या मिरचीच्या बाजारांत पोतीं उचलणारा हमाल, यांचें सारें भांडवल म्हणजे अंगमेहनत. अंतर्गळ झाला कीं ओझें उचलतां येत नाहीं, आणि ओझें उचललें नाहीं तर चूल पेटत नाहीं. अशा माणसास जाळी परवडेना, आणि जुन्या शिवणीनें दुखणें पुन्हां उलटण्याचें भय सुटेना.

दोंडाईचा हें गांव सुरत-भुसावळ लोहमार्गावर, नंदुरबारच्याच वाटेवर आहे. नंदुरबार जिल्हा १ जुलै १९९८ रोजीं वेगळा होईपर्यंत दोन्ही ठिकाणें धुळें जिल्ह्यांतच होतीं. तेथें शल्यचिकित्सा करणारे डॉ. रवींद्रनाथ टोणगांवकर यांनीं गेल्या शतकाच्या अखेरच्या दशकांत साध्या मच्छरदाणीच्या कापडाकडे शल्यवैद्याच्या दृष्टीनें पाहिलें. तें कापड अशरच्या जाळीच्याच कुळांतील प्लास्टिकचें, सच्छिद्र व चिवट होतें, आणि त्याचा एका रोग्यापुरता तुकडा कवडीमोलाचा होता. तो धुऊन, कापून, निर्जंतुक करून ते ठिगळ म्हणून वापरूं लागले. इतर शल्यवैद्यांसह अनेक ठिकाणीं घेतलेल्या प्रयोगाचे निष्कर्ष त्यांनीं २००३ सालीं भारतीय शल्यचिकित्सेच्या नियतकालिकांत मांडले.

शंका निघणें स्वाभाविक होतें. मच्छरदाणी ती मच्छरदाणी! म्हणून परीक्षा झाली. २००६ सालीं बुर्किना फासो या आफ्रिकी देशांतील तुलनात्मक प्रयोग प्रसिद्ध झाला. घानामध्येंही अशा शस्त्रक्रिया झाल्या. सर्वांत भक्कम पुरावा युगांडांतून आला. तेथें ३०२ पुरुषांवर केलेल्या प्रयोगाचे निष्कर्ष २०१६ सालीं अमेरिकेंतील अग्रगण्य वैद्यकीय नियतकालिकांत छापून आले. वर्षानंतर स्वस्त जाळीच्या गटांत एका रोग्याचा अंतर्गळ उलटला होता, महाग जाळीच्या गटांत कोणाचाही नाहीं. शस्त्रक्रियेनंतरच्या तक्रारी दोन्ही गटांत जवळजवळ सारख्या, शेंकडा तीसच्या आसपास होत्या. भेद नांवापुरता ठरला. अर्थात् कीटकनाशक लावलेली घरगुती मच्छरदाणी या कामीं चालत नाहीं. कापड कोणतें आणि तें निर्जंतुक कसें करावें, याचे नियम काटेकोर आहेत.

याच प्रश्नाला महाराष्ट्रांत दुसरेंही उत्तर निघालें. पुण्याचे डॉ. मोहन देसर्डा यांनीं परकें ठिगळच नको असें ठरविलें. बाह्य तिर्यक् स्नायूच्या कंडरापटाची एक पट्टी, तिचीं दोन्ही टोकें मूळ जागीं जोडलेलीं ठेवून, त्यांनीं बोळाच्या मागच्या भिंतीस शिवली. ४०० रोग्यांवरील हा अनुभव २००१ सालीं प्रसिद्ध झाला. पोलंडमध्यें २०८ रोग्यांवर तीन वर्षें चाललेल्या तुलनेंत ही पद्धति जाळीच्या बरोबरीची ठरल्याचें २०१२ सालीं नमूद झालें. एकानें ठिगळ बाजारांतल्या कापडांत शोधलें, दुसऱ्यानें तें रोग्याच्याच शरीराच्या वरच्या तटांत शोधलें.

२०२० सालीं नंदुरबार येथें शासकीय वैद्यकीय महाविद्यालय सुरू झालें. पोटाच्या भिंतीचे थर शिकण्यासाठीं या भागांतील विद्यार्थ्यानें मुंबई-पुण्यासच गेलें पाहिजे, अशी स्थिति त्यामुळें राहिली नाहीं. शवविच्छेदनाच्या मेजावर तो तिन्ही स्नायूंचे तंतू उकलील, तेव्हां कूपर, स्कार्पा आणि बास्सिनी हीं नांवें त्याच्या पुस्तकांत असतीलच. त्यांच्या जोडीस, रेल्वेनें जवळच असलेल्या एका गांवाचें नांवही त्यानें लक्षांत ठेवावें. भिंतीची रचना ठाऊक होणें ही विद्येची अर्धी वाट. ती भिंत हमालाच्या अंगावर, हमालाच्या ऐपतींत, पुन्हां उभी राहिली म्हणजे उरलेली अर्धी वाट संपते.