बिंबाणू घटक ४

रक्तातील बिंबाणू उत्तेजित झाले असता त्यांच्यातून बाहेर टाकले जाणारे एक लहान प्रथिन. ते केमोकाइन (रक्तातील श्वेत कोशिकांना ठरावीक दिशेने आकर्षित करणारी वा त्यांच्या वर्तनात बदल घडविणारी लहान प्रथिने) या गटात मोडते. केमोकाइनांच्या नव्या नामपद्धतीनुसार त्याला ‘सीएक्ससीएल ४’ असे म्हणतात. हेपारिनाचा प्रभाव नाहीसा करणे हे त्याचे प्रथम ज्ञात झालेले कार्य होय. पुढे हिवताप व डेंगी यांच्या संक्रमणांत, तसेच लशीनंतर क्वचित उद्‌भवणाऱ्या अंतर्क्लथनात (रक्तवाहिनीत रक्ताची गुठळी होण्याच्या विकारात) त्याचा संबंध आढळून आला. त्यामुळे ठाणे, कल्याण व डोंबिवली यांसारख्या दाट वस्तीच्या शहरांतील वैद्यकीय व्यवहाराशी या प्रथिनाचा निकटचा संबंध आहे.

इतिहास : रक्तक्लथनातील (रक्त गोठण्याच्या क्रियेतील) बिंबाणूंचे महत्त्व इटालियन शास्त्रज्ञ जूल्यो बिझोझेरो यांनी १८८२ मध्ये दाखवून दिले. १९१६ मध्ये अमेरिकेतील जॉन्स हॉपकिन्स विद्यापीठात जे. मॅक्लीन या विद्यार्थ्याला क्लथनविरोधी द्रव्य आढळले व त्याचे गुरू डब्ल्यू. एच. हॉवेल यांनी १९१८ मध्ये अशा द्रव्याला ‘हेपारिन’ हे नाव दिले. १९३० नंतरच्या दशकात हेपारिन शुद्ध स्वरूपात मिळू लागल्यावर त्याचा शस्त्रक्रियेत उपयोग सुरू झाला. त्याचबरोबर एक प्रश्नही उभा राहिला : तेवढेच हेपारिन घातले, तरी काही रक्तनमुने उशिरा व काही लवकर का गोठतात? सी. एल. कॉनली व त्यांच्या सहकाऱ्यांनी १९४८ मध्ये हा फरक बिंबाणूंच्या संख्येशी निगडित असल्याचे दाखविले. बिंबाणू जितके अधिक, तितका हेपारिनाचा परिणाम कमी होतो, असे त्यांना आढळले.

यानंतर बिंबाणूंतील क्लथनघटकांची क्रमवार नोंद होऊ लागली. रक्तद्रवातील घटकांना रोमन अंक देण्याची पद्धत असल्याने बिंबाणूंच्या घटकांसाठी साधे अंक योजले गेले. हेपारिनविरोधी घटकाला ४ हा क्रमांक मिळाला. ई. डॉइच, एस. ए. जॉन्सन व डब्ल्यू. एच. सीगर्स यांनी १९५५ मध्ये या घटकांचे परस्परांहून असलेले वेगळेपण प्रयोगांनी स्पष्ट केले. यांपैकी घटक १ व २ ही नावे पुढे मागे पडली. कारण ती द्रव्ये बिंबाणूंची स्वतःची खास नव्हेत, असे ठरले. घटक ४ मात्र टिकून राहिला. १९७७ मध्ये त्यातील ॲमिनो अम्लांचा क्रम निश्चित झाला व पुढे त्याच्या जीनाची (आनुवंशिक एककाची) रचना प्रसिद्ध झाली. हा जीन मानवाच्या चौथ्या गुणसूत्रावर आहे.

संरचना व उत्सर्जन : या प्रथिनाच्या एका साखळीत ७० ॲमिनो अम्ले असून तिचा रेणुभार सु. ७,८०० आहे. अशा चार साखळ्या एकत्र येऊन चतुष्क बनते. चतुष्काभोवती लायसीन व आर्जिनीन या ॲमिनो अम्लांमुळे धन विद्युत् भाराचा पट्टा तयार होतो. हेपारिन व त्यासारखी शर्करायुक्त द्रव्ये तीव्र ऋण भाराची असल्याने ती या पट्ट्याला घट्ट चिकटतात. या प्रथिनाची बहुतेक सर्व कार्ये, उपकारक तशीच अपायकारकही, या एका भौतिक गुणधर्मावर आधारलेली आहेत.

हे प्रथिन अस्थिमज्जेतील बृहत् केंद्रक कोशिकांत तयार होते व त्यांपासून सुटणाऱ्या बिंबाणूंच्या आल्फा कणिकांत साठविले जाते. निरोगी व्यक्तीच्या रक्तद्रवात त्याचे प्रमाण अत्यल्प, एका मिलि. मध्ये काही नॅनोग्रॅम इतकेच असते. रक्तवाहिनीला इजा झाल्यावर बिंबाणू उत्तेजित होऊन कणिका रित्या करतात व त्या जागी ते शेकडो पटींनी वाढते. लगेचच ते रक्तवाहिन्यांच्या अंतःस्तरावरील हेपॅरान सल्फेटाला चिकटते. रुग्णाला हेपारिन टोचल्यास तेथून सुटून ते पुन्हा रक्तद्रवात येते. रक्तपेढीत साठविलेल्या बिंबाणूंच्या पिशवीतही ते हळूहळू वाढत जाते; त्यामुळे साठवणीत बिंबाणू किती उत्तेजित झाले हे मोजण्याचे ते एक साधन ठरले आहे.

सर्वसाधारण कार्ये : इजेच्या जागी हेपॅरानाचा क्लथनविरोधी प्रभाव दूर करून ते रक्तस्राव थांबविण्यास मदत करते. तथापि हे कार्य एकमार्गी नाही. क्लथनाला आवर घालणाऱ्या सक्रिय प्रथिन ‘सी’ च्या निर्मितीलाही ते चालना देते. २००४ मध्ये प्रसिद्ध झालेल्या प्रयोगांत हे प्रथिन मुळीच नसलेल्या आणि ते वाजवीपेक्षा जास्त असलेल्या अशा दोन्ही प्रकारच्या उंदरांत क्लथ मंदपणे बनतो, असे आढळले. म्हणजे त्याचे योग्य प्रमाण हेच महत्त्वाचे होय.

टी. एफ. डॉयल व सहकाऱ्यांनी १९८१ मध्ये हे प्रथिन श्वेत कोशिकांना आकर्षित करते असे प्रतिपादन केले. पुढे या गटातील इतर प्रथिनांच्या मानाने त्याची आकर्षणशक्ती दुर्बल असल्याचे दिसून आले. परंतु एककेंद्रक कोशिकांना जगविणे व त्यांचे भक्षक कोशिकांत रूपांतर घडविणे या बाबतींत ते प्रभावी आहे. नव्या रक्तवाहिन्यांच्या वाढीला ते विरोध करते, हे १९९० मध्ये सिद्ध झाले. अस्थिमज्जेत ते बृहत् केंद्रक कोशिकांच्या वाढीवर नियंत्रण ठेवते आणि रक्त निर्माण करणाऱ्या मूल कोशिकांना विश्रांत अवस्थेत ठेवते (२०१४). त्वचा व अंतर्गत इंद्रिये ताठर करणाऱ्या तंतुकाठिण्य विकारात त्याचे प्रमाण वाढलेले आढळते.

हिवताप व डेंगी : उल्हास नदी व ठाण्याची खाडी यांच्या काठी वसलेल्या ठाणे (महानगरपालिकेची स्थापना १९८२) व कल्याण-डोंबिवली (१९८३) या शहरांत पावसाळ्यात व त्यानंतर या दोन्ही रोगांचे रुग्ण दरवर्षी आढळतात. इमारतींवरील उघड्या टाक्या व बांधकामाच्या जागी साठलेले पाणी यांत हिवतापवाहक ॲनॉफेलीस स्टीफेन्सी डास वाढतो, तर घरातील पिंपे, कुंड्या व टाकून दिलेले टायर यांत डेंगीचा एडीस ईजिप्ती वाढतो. दोन्ही रोगांत बिंबाणूंची संख्या घटते. मात्र त्यांत बिंबाणू घटक ४ ची भूमिका सारखी नाही.

ऑस्ट्रेलियातील बी. जे. मॅकमॉरन व सहकाऱ्यांनी २००९ मध्ये बिंबाणू हिवतापाच्या परजीवींना मारतात असे दाखविले. २०१२ मध्ये त्यांनी ही क्रिया स्पष्ट केली. संक्रमित तांबड्या कोशिकेला चिकटलेला बिंबाणू घटक ४ सोडतो. हे प्रथिन कोशिकेत शिरून परजीवीचे अन्नपचन करणारी पिशवी फोडते. या क्रियेसाठी तांबड्या कोशिकेवर डफी प्रतिजन असणे आवश्यक असते. भारतातील बहुसंख्य लोकांत हा प्रतिजन असतो, पश्चिम आफ्रिकेतील बहुतेक लोकांत तो नसतो. प्लास्मोडियम व्हायव्हॅक्स हा परजीवी याच प्रतिजनाच्या आधारे तांबड्या कोशिकेत प्रवेश करतो. म्हणजे एकच दार शत्रूला व शस्त्राला दोघांनाही उपयोगी पडते. याउलट मेंदूच्या हिवतापाच्या उंदरांवरील प्रयोगांत हेच प्रथिन शोथ वाढवून हानी करते, असे २००८ मध्ये दिसून आले.

डेंगीत त्याचा परिणाम बहुधा व्हायरसाच्या पथ्यावर पडतो. फरीदाबाद येथील प्रादेशिक जीवतंत्रज्ञान केंद्रातील प्रसेनजित गुच्छाइत व सहकाऱ्यांनी २०१९ मध्ये प्रसिद्ध केलेल्या संशोधनानुसार, हे प्रथिन एककेंद्रक कोशिकांतील इंटरफेरॉन या संरक्षक द्रव्याची निर्मिती रोखते व त्यामुळे डेंगीचा व्हायरस जलद वाढतो. डेंगीच्या साथीत बिंबाणूंच्या पिशव्यांसाठी रुग्णांचे नातेवाईक एका रक्तपेढीतून दुसरीकडे धावतात, हे दृश्य या परिसराला नवे नाही. तथापि रक्तस्राव होत नसताना केवळ आकडा घटला म्हणून बिंबाणू देण्याने रक्तस्राव टळत नाही, असे २०१७ मध्ये प्रसिद्ध झालेल्या वैद्यकीय परीक्षणात आढळले आहे. रक्तस्राव नसल्यास संख्या एका घन मिमी. मध्ये १०,००० च्या खाली गेल्याशिवाय सामान्यतः त्यांची गरज मानली जात नाही.

हेपारिनजन्य विकार : क्लथन रोखण्यासाठी दिलेल्या हेपारिनामुळेच काही रुग्णांत क्लथ होतात, ही विसंगत घटना आर. ई. वाइझमन व आर. डब्ल्यू. टोबिन यांनी १९५८ मध्ये दहा रुग्णांच्या आधारे नोंदविली. या विकारामागे प्रतिरक्षा यंत्रणा असल्याचे १९७३ मध्ये कळले. १९९२ मध्ये फ्रान्समधील जे. अमिराल व सहकाऱ्यांनी त्यातील प्रतिजन ओळखला : तो एकटे हेपारिन नसून हेपारिन व बिंबाणू घटक ४ यांचा संयुक्त समूह होता. या समूहाविरुद्ध तयार झालेली प्रतिपिंडे बिंबाणूंना उत्तेजित करतात. उत्तेजित बिंबाणू आणखी घटक ४ सोडतात व चक्र वाढत जाते. हेपारिन सुरू केल्यावर साधारण पाचव्या ते दहाव्या दिवशी बिंबाणूंची संख्या निम्म्याहून खाली येते आणि नीला वा रोहिणी यांत क्लथ होतो. हृदयशस्त्रक्रिया व रक्तापोहन (कृत्रिम मूत्रपिंडाने रक्त शुद्ध करणे) यांत हेपारिन सर्रास वापरतात. म्हणून मोठ्या शहरांतील रुग्णालयांना हा विकार ओळखता येणे अगत्याचे आहे. हेपारिन तत्काळ थांबवून दुसरे क्लथनविरोधी औषध देणे हा त्यावरील उपाय होय. येथे बिंबाणू दिल्यास ते आगीत तेल ओतल्यासारखे ठरू शकते.

लशीनंतरचे अंतर्क्लथन : ऑक्सफर्ड विद्यापीठ व ॲस्ट्राझेनेका यांनी विकसित केलेली, ॲडेनोव्हायरसावर आधारलेली कोविड-१९ प्रतिबंधक लस पुण्याच्या सीरम इन्स्टिट्यूट ऑफ इंडिया या संस्थेने (स्थापना १९६६) ‘कोव्हिशील्ड’ या नावाने तयार केली. भारतात लसीकरणास १६ जानेवारी २०२१ रोजी प्रारंभ झाला. कळव्याचे छत्रपती शिवाजी महाराज रुग्णालय, कल्याणचे रुक्मिणीबाई रुग्णालय व डोंबिवलीचे शास्त्रीनगर रुग्णालय ही ज्यांची रुग्णालये, त्या महानगरपालिकांच्या क्षेत्रांतही देशातील इतर भागांप्रमाणे ही लस मोठ्या प्रमाणावर टोचण्यात आली.

एप्रिल २०२१ मध्ये जर्मनी व ऑस्ट्रिया (११ रुग्ण), नॉर्वे (५ रुग्ण) आणि ब्रिटन (२३ रुग्ण) येथील वैद्यांनी एक नवा विकार वर्णिला. लशीनंतर सु. ५ ते ३० दिवसांत मेंदूच्या नीलाविवरात किंवा उदरातील नीलांत क्लथ होतो व त्याच वेळी बिंबाणू घटतात. या रुग्णांना हेपारिन दिलेले नव्हते, तरीही बहुतेकांत बिंबाणू घटक ४ विरुद्ध प्रतिपिंडे होती. ही प्रतिपिंडे हेपारिन जेथे चिकटते त्याच जागी बसतात, असे पुढील संशोधनात दिसले. जुन्या विकाराचा तीस वर्षांचा अभ्यास हाताशी असल्याने नव्या विकाराची ओळख काही आठवड्यांतच पटली. प्रतिपिंड चाचणी, हेपारिनेतर औषधे व शिरेवाटे इम्युनोग्लोब्युलीन ही उपाययोजना ठरली.

भारतातील राष्ट्रीय समितीने १७ मे २०२१ रोजी आपला निष्कर्ष जाहीर केला. ३ एप्रिल २०२१ पर्यंत देशात कोव्हिशील्डच्या ६,८६,५०,८१९ मात्रा दिल्या गेल्या होत्या. गंभीर घटनांपैकी ४९८ ची तपासणी झाली असता २६ संभाव्य अंतर्क्लथनाच्या ठरल्या. समितीने हे प्रमाण दर दहा लाख मात्रांमागे ०·६१ असे सांगितले; त्याच वेळी ब्रिटनमध्ये ते ४ व जर्मनीत १० असे नोंदले गेले होते. या आकड्यांची तुलना करताना नोंदणीच्या व निदानाच्या सोयींतील फरकही ध्यानात घ्यावा लागतो. रोगाने होणारी प्राणहानी पाहता लशीचा लाभ धोक्यापेक्षा पुष्कळच मोठा होता. तथापि ज्या थोड्या कुटुंबांवर हा आघात झाला, त्यांच्या दृष्टीने प्रमाणाच्या अल्पतेने त्याची तीव्रता कमी होत नाही. कोव्हिशील्डचे उत्पादन डिसेंबर २०२१ मध्ये थांबविण्यात आले व मूळ लशीची यूरोपीय संघातील परवानगी मे २०२४ मध्ये मागे घेण्यात आली.

अलीकडील संशोधन : सतत वाढणारी डोकेदुखी, पोटदुखी व बिंबाणूंची घट हा लक्षणसमूह लशीवाचून, केवळ नैसर्गिक ॲडेनोव्हायरस संक्रमणानंतरही क्वचित उद्‌भवू शकतो, असे २०२३ मध्ये निदर्शनास आले. त्याच वर्षी प्रसिद्ध झालेल्या उंदरांवरील तीन स्वतंत्र अभ्यासांत तरुण रक्त, व्यायाम व क्लोथो हे प्रथिन या तिन्हींचा वृद्ध मेंदूवरील अनुकूल परिणाम अंशतः बिंबाणू घटक ४ मार्फत होतो, असे दिसले. मानवात ते अद्याप सिद्ध व्हावयाचे आहे. बिंबाणूंची संख्या घटलेल्या रुग्णात ती घट कशामुळे झाली हे ठरविणे हे संख्या मोजण्याहून महत्त्वाचे असते, हा या प्रथिनाच्या इतिहासाचा वैद्यकीय निष्कर्ष होय; कारण एका रुग्णात बिंबाणू देणे जीवदायी, दुसऱ्यात अनावश्यक व तिसऱ्यात घातक ठरू शकते.