गुणाकार : मुखपाठ आणि आकृती

गुणाकार आकृतीच्या साहाय्याने शिकवावा, हा विचार आपल्याकडे सामान्यतः पाश्चात्त्य शिक्षणशास्त्राची देणगी मानला जातो. आणि त्यापूर्वीचे पाठांतर हे केवळ परंपरेचे जडत्व समजले जाते. ही दोन्ही मते तपासून घेण्याजोगी आहेत.

प्रथम पाठांतराचा विचार करू. सातारा जिल्ह्यातील रहिमतपूर ही कोरेगाव तालुक्यातील जुनी बाजारपेठ. अशा पेठेत वावरणाऱ्या मुलास कोणते गणित यावयास हवे होते, हे तेथील व्यवहारावरूनच कळते. मण चाळीस शेरांचा, रुपया सोळा आण्यांचा, आणा चार पैशांचा. म्हणून पंतोजींच्या शाळेत तिसापर्यंतच्या पाढ्यांबरोबरच पावकी, निमकी, पाऊणकी, सवायकी, दिडकी, अडीचकी आणि औटकी म्हणवून घेत. औटकी म्हणजे साडेतीनपट. शेरास साडेतीन आणे दर असता सात शेरांचे साडेचोवीस आणे, म्हणजे एक रुपया साडेआठ आणे, हे उत्तर दुकानात उभ्याउभ्या द्यावयाचे असे. तेथे पाटी-पेन्सिलीस अवसर नव्हता. मुखपाठाचे प्रयोजन समजुतीचे नसून तत्परतेचे होते, आणि ते त्याने उत्तम रीतीने साधले.

आकृतीही आपणांस अपरिचित नव्हती. भास्कराचार्यांनी ‘लीलावती’त (११५०) १३५ व १२ यांच्या गुणाकाराचे उदाहरण घेऊन अनेक रीती दिल्या आहेत. त्या ग्रंथावरील ‘बुद्धिविलासिनी’ या टीकेत (सुमारे १५४५) कोकणातील नांदगावचे गणेश दैवज्ञ यांनी कपाटसंधीची रीत सांगितली आहे. तीन उभे स्तंभ व दोन आडव्या ओळी यांची चौकट आखावयाची, प्रत्येक घर कर्णाने दुभंगावयाचे, अंकांचे गुणाकार त्यांत मांडावयाचे आणि तिरप्या पट्ट्यांतील बेरजा घ्यावयाच्या. उत्तर १६२० येते.

परंतु येथे एक भेद लक्षात घेतला पाहिजे. कपाटसंधीची चौकट अंकांची व्यवस्था लावते; राशीचे आकारमान दाखवीत नाही. तिच्यातील प्रत्येक घर सारखेच, मग त्यातील अंक शतकाचा असो वा एककाचा. याउलट ‘लीलावती’तील खंडगुणनाची रीत पाहा : १२ चे ८ व ४ असे भाग करून १०८० आणि ५४० मिळवावयाचे. हीच रीत चिंचोक्यांच्या ओळी मांडून दाखविली, की आयताचे दोन तुकडे डोळ्यांपुढे उभे राहतात आणि बेरीज का करावयाची याचे कारण मुलास आपोआप कळते. एक आकृती कृती सुलभ करते, दुसरी अर्थ प्रकट करते. बालशिक्षणास उपयोगी पडते ती दुसरी.

ही दुसरी आकृती प्राथमिक शाळेत येण्यास दोन गोष्टी कारण झाल्या. पहिली, माँटेसोरी-विचार. १९२६ मध्ये स्थापन झालेल्या नूतन बालशिक्षण संघाच्या द्वारे गिजुभाई बधेका व ताराबाई मोडक यांनी तो रुजविला. पुढे बोर्डी व कोसबाड येथे ताराबाई आणि अनुताई वाघ यांनी महागड्या साधनांऐवजी परिसरातील बिया व खडे वापरले. दुसरी गोष्ट अधिक निर्णायक, पण दुर्लक्षित. १ एप्रिल १९५७ रोजी दशमान नाणी आली आणि १९५८ पासून टप्प्याटप्प्याने मेट्रिक वजने रूढ झाली. शेर व आणे गेले. त्यांच्याबरोबर औटकीचे प्रयोजनही गेले. तत्परतेची निकड ओसरली, तेव्हाच समजुतीस अवकाश मिळाला.

याच सातारा जिल्ह्यातील कुमठे बीटातील जिल्हा परिषद शाळांनी ज्ञानरचनावादी पद्धतीने वस्तू हाताळून गणित शिकविण्याचा प्रयोग केला. २०१५ च्या ‘प्रगत शैक्षणिक महाराष्ट्र’ कार्यक्रमाच्या काळात तो पाहण्यास राज्यभरातून शिक्षक येत. या प्रयोगाकडे जुन्या पद्धतीचा पराभव म्हणून पाहणे इतिहासास धरून होणार नाही. साधन बदलले, कारण प्रयोजन बदलले. मात्र आयत मांडून अर्थ कळलेल्या मुलासही पुढील गणितासाठी पाढे मुखोद्गत असावेच लागतात. आकृती आधी आणि मुखपाठ नंतर, असा क्रम लावणे हे आजच्या अध्यापकाचे कार्य होय. यांपैकी एकाचा त्याग करणे नव्हे.