पु. ल. देशपांडे उद्यान, पुणे

पु. ल. देशपांडे उद्यान, अर्थात पुणे-ओकायामा मैत्री उद्यान, हे महाराष्ट्रातील पुणे शहरात सिंहगड रस्त्यावर असलेले जपानी शैलीचे सार्वजनिक उद्यान आहे. जपानमधील ओकायामा शहरातील कोराकुएन या तीनशे वर्षांहून जुन्या उद्यानाच्या धर्तीवर त्याची रचना करण्यात आली आहे. सुमारे १० एकर क्षेत्रावर पसरलेल्या या उद्यानाची देखभाल पुणे महानगरपालिका करते. उद्यानाला मराठी साहित्यिक पु. ल. देशपांडे यांचे नाव देण्यात आले आहे.

नाव

पुरुषोत्तम लक्ष्मण देशपांडे (८ नोव्हेंबर १९१९ – १२ जून २०००) हे लेखक, नाटककार, संगीतकार व अभिनेते होते. त्यांच्या आयुष्याचा उत्तरार्ध पुण्यात गेला व तेथेच त्यांचे निधन झाले. ‘पूर्वरंग’ या प्रवासवर्णनात त्यांनी पूर्वेकडील देशांचा प्रवास वर्णिला असून त्यात जपानचाही समावेश आहे. त्यामुळे जपानी शैलीच्या उद्यानाला दिलेले त्यांचे नाव औचित्यपूर्ण ठरते. ‘मैत्री उद्यान’ हे दुसरे नाव पुणे व ओकायामा या दोन शहरांमधील स्नेहसंबंधांचे निदर्शक आहे.

मूळ उद्यान : कोराकुएन

ओकायामा हे होन्शू बेटाच्या पश्चिम भागातील ओकायामा प्रांताचे मुख्य शहर आहे. शहरातून आसाही नदी वाहते. नदीच्या एका तीरावर ओकायामाचा किल्ला असून समोर, नदीच्या प्रवाहांनी वेढलेल्या भूभागावर कोराकुएन आहे. ओकायामाचे सरंजामी अधिपती (दाइम्यो) इकेदा त्सुनामासा यांच्या आज्ञेवरून १६८७ मध्ये या उद्यानाचे काम सुरू झाले. त्यांचे कारभारी त्सुदा नागातादा यांनी ते पाहिले आणि १७०० मध्ये उद्यानाचे मुख्य काम पूर्ण झाले. पुढील अधिपतींनी त्यात आपापल्या आवडीप्रमाणे भर घातली. त्सुनामासा यांचे पुत्र त्सुगुमासा यांनी उभारलेली युइशिनझान ही कृत्रिम टेकडी हे त्याचे ठळक उदाहरण होय.

प्रारंभी उद्यान अधिपतींच्या विसाव्यासाठी व पाहुण्यांच्या स्वागतासाठी होते. तथापि, ठरावीक दिवशी सामान्य प्रजेलाही आत येण्याची मुभा असे. १८७१ मध्ये त्याला ‘कोराकुएन’ हे नाव मिळाले. ‘नंतर आनंद घेण्याचे उद्यान’ असा या नावाचा अर्थ आहे. त्यामागे चीनमधील सोंग काळातील मुत्सद्दी फान चोंगयान (९८९–१०५२) यांचा विचार आहे : राज्यकर्त्याने जगाच्या आधी चिंता वाहावी आणि जगाच्या नंतर सुख भोगावे. १८८४ मध्ये उद्यान ओकायामा प्रांताच्या स्वाधीन होऊन सर्वांसाठी खुले झाले. कानाझावा येथील केनरोकुएन व मितो येथील काइराकुएन यांच्यासह कोराकुएनची गणना जपानमधील तीन श्रेष्ठ उद्यानांत होते. त्याचे क्षेत्र सुमारे १३ हेक्टर, म्हणजे पुण्यातील उद्यानाच्या तिपटीहून अधिक आहे.

चालत पाहण्याचे उद्यान

कोराकुएन हे ‘काइयूशिकी’, म्हणजे फिरत फिरत पाहण्याच्या प्रकारचे उद्यान आहे. झेन मठांतील वाळू-दगडांची उद्याने ओसरीवर बसून एका जागेवरून पाहिली जातात. फिरत पाहण्याच्या उद्यानात मात्र पायवाट हाच रचनेचा कणा असतो. वाट वळणावळणाने तळ्याभोवती जाते. झाडांचा पुंजका, उंचवटा किंवा कुंपण यांमुळे पुढील दृश्य काही काळ झाकलेले राहते आणि वळण घेताच ते समोर येते. झाकणे व दाखवणे या तंत्राला जपानीत ‘मिएगाकुरे’ म्हणतात. त्यामुळे मर्यादित जागाही प्रत्यक्षाहून मोठी भासते.

दुसरे महत्त्वाचे तत्त्व ‘शाक्केई’, म्हणजे उसने घेतलेले दृश्य, हे होय. उद्यानाबाहेरील डोंगर वा इमारत चित्राची पार्श्वभूमी म्हणून वापरली जाते. कोराकुएनमध्ये किल्ल्याचा काळा मनोरा व आसपासचे डोंगर हे काम करतात. या तत्त्वाचा एक परिणाम असा, की अशा उद्यानाचे रक्षण केवळ त्याच्या भिंतींच्या आत करून भागत नाही. भोवती उंच इमारती उभ्या राहिल्यास आतील एकही झाड न तोडता उद्यानाचे रूप बिघडते.

कोराकुएनचे आणखी एक वैशिष्ट्य म्हणजे विस्तीर्ण हिरवळ. जपानी उद्यानांत इतकी मोकळी हिरवळ क्वचित आढळते. आत भातशेतीचा तुकडा व चहाचा मळाही राखलेला आहे. सुमारे ६४० मीटर लांबीचा एक वळणदार प्रवाह उद्यानभर फिरतो. र्यूतेन नावाच्या विसाव्याच्या मंडपातून तर पाण्याची वाट थेट आतून जाते आणि तिच्यात सुंदर दगड मांडलेले आहेत.

बाजारपेठेतून उद्यानाकडे

ओकायामात कोराकुएनची भेट बहुधा पायी फेरीचा भाग असते. रेल्वे स्थानकापासून पूर्वेस जाणारा मोमोतारो मार्ग ट्रामच्या रुळांसह किल्ल्याच्या दिशेने जातो. स्थानकापासून उद्यानापर्यंत चालत सुमारे २५ मिनिटे लागतात. वाटेत शिरोशिता चौकाजवळ दक्षिणेकडे ओमोतेचो ही जुनी बाजारपेठ सुरू होते.

ओमोतेचो हे ‘शोतेंगाई’चे, म्हणजे जपानी पारंपरिक बाजाररस्त्याचे, उदाहरण आहे. शोतेंगाईमध्ये अरुंद रस्त्याच्या दुतर्फा लहान, बहुधा कौटुंबिक मालकीची दुकाने असतात. अनेक ठिकाणी संपूर्ण रस्त्यावर छप्पर असते आणि तो पादचाऱ्यांसाठी राखलेला असतो. छप्पर, दिवे, सजावट व सण यांचा खर्च आणि व्यवस्था दुकानदारांची संघटना सामाईकपणे पाहते. ओमोतेचोचा उगम सोळाव्या शतकाच्या अखेरीस आहे. उकिता हिदेइए यांनी १५९७ मध्ये ओकायामाचा किल्ला पूर्ण केला. व्यापार वाढावा म्हणून त्या काळात सान्यो हा पश्चिमेकडे जाणारा राजमार्ग शहरातून वळवण्यात आला आणि त्याच्या कडेने व्यापारी वस्ती वाढली. कामिनोचो, नाकानोचो व शिमोनोचो (वरची, मधली व खालची वस्ती) ही जुनी नावे आजही टिकून आहेत. कामियाचो या नावात कागदविक्यांची आठवण आहे. पुण्यातील तांबट आळी व बुरुड आळी या नावांशी त्याचे साम्य सहज लक्षात येते.

बाजारपेठेतून बाहेर पडून किल्ल्यापाशी गेल्यावर त्सुकिमी पुलावरून (चंद्रदर्शनाचा पूल) नदी ओलांडता येते आणि कोराकुएनच्या दक्षिण दरवाजाने आत जाता येते. छपराखालील अरुंद रस्ता, मग किल्ल्याची तटबंदी, मग नदी आणि शेवटी खुली हिरवळ असा हा क्रम आहे. एका किल्लेवजा शहरातील व्यापार, सत्ता व विरंगुळा या तिन्ही अंगांचे दर्शन त्यातून घडते.

हानी व पुनर्बांधणी

१९३४ च्या महापुरात कोराकुएनची मोठी हानी झाली. दुसऱ्या महायुद्धात २९ जून १९४५ रोजी झालेल्या हवाई हल्ल्यात ओकायामा शहराचा मध्यभाग जळून गेला आणि सतराशेहून अधिक माणसे मृत्युमुखी पडली. किल्ल्याचा मूळ मनोरा त्याच दिवशी नष्ट झाला. उद्यानातील एन्योतेई हे अधिपतींचे मुख्य निवासस्थानही जळाले. आज दिसणारा मनोरा १९६६ मध्ये काँक्रीटमध्ये उभारलेला आहे, तर एन्योतेई १९६० मध्ये पुन्हा बांधण्यात आले.

उद्यान पूर्ववत करता आले याचे प्रमुख कारण म्हणजे एदो काळातील चित्रे व नोंदी. तळी, वाटा व इमारती कोठे होत्या, हे त्यांवरून निश्चित झाले. पूर्वापार पाळले जाणारे क्रौंच पक्षी युद्धोत्तर काळात उद्यानातून नाहीसे झाले होते. तरुणपणी ओकायामात शिकलेले चिनी विद्वान गुओ मोरुओ यांनी १९५६ मध्ये दोन क्रौंच भेट दिले आणि ही परंपरा पुन्हा सुरू झाली. १९५२ मध्ये जपान सरकारने कोराकुएनला ‘विशेष निसर्गरम्य स्थळ’ हा दर्जा दिला.

पुण्यातील रचना

पुण्यातील उद्यानात मूळ उद्यानाची हुबेहूब नक्कल केलेली नाही. उंचसखल हिरवळ, वळणदार पायवाटा, प्रवाह, तळे, लहान पूल, मांडून ठेवलेले दगड व आकार देऊन छाटलेली झुडपे हे घटक त्यात आढळतात. शेजारून जाणाऱ्या कालव्याचे पाणी उद्यानात खेळवण्यात आले आहे. जपानी मेपल व साकुरा यांना थंड हिवाळा लागतो. पुण्याच्या हवामानात तो मिळत नाही. त्यामुळे जपानी वृक्षांपेक्षा जपानी रचनातत्त्वांवर येथे भर आहे. कोराकुएनचे रूप मनुका, साकुरा, आयरिस व मेपल यांच्या बहराने चार ऋतूंत पालटते. पुण्यात उन्हाळा व पावसाळा यांच्यातील फरक अधिक ठळक जाणवतो.

हिरवळीवर चालण्यास सर्वसाधारणपणे मनाई असते. मराठी वाचकाला बाग म्हणजे बसण्याची, डबा खाण्याची व मुलांनी खेळण्याची जागा म्हणून परिचित आहे. या शैलीत मात्र हिरवळ हा पाहण्याचा भाग व वाट हा वापरण्याचा भाग असतो. हा फरक लक्षात घेतल्यास उद्यानातील निर्बंधांमागील कारण स्पष्ट होते.

स्थानिक परंपरेशी तुलना

पाण्याभोवती फिरण्याची जागा ही कल्पना पुण्याला नवी नव्हती. पेशवाईत नानासाहेब पेशव्यांच्या काळी पर्वतीच्या पायथ्याशी तळे बांधण्यात आले व त्यातील बेटावर पुढे गणपतीची स्थापना झाली. तळे बुजवल्यानंतर तेथे सारसबाग झाली. मात्र ‘तळ्यातला गणपती’ हे नाव लोकांच्या तोंडी राहिले. बाग व बाजार यांचे नातेही पुण्यात जुने आहे. तुळशीच्या बागेच्या जागी राममंदिर उभे राहिले आणि त्याभोवतीचा बाजार तुळशीबाग म्हणूनच ओळखला जातो. येथे बाग नावात उरली, तर सारसबागेत तळे नावात उरले. ओकायामात दोन्ही जागा नकाशावरही टिकल्या.

दोन्ही शहरांचा आणखी एक समान धागा पाण्याच्या धोक्याचा आहे. ओकायामाने १९३४ चा पूर अनुभवला, तर पुण्याने १२ जुलै १९६१ रोजी पानशेत धरण फुटल्याने आलेला पूर अनुभवला. सप्टेंबर २०१८ मध्ये पर्वती परिसरात खडकवासल्याचा उजवा कालवा फुटून दांडेकर पुलाजवळील वस्तीत पाणी शिरले. उद्यानातील शांत प्रवाह ज्या कालव्याच्या आधाराने वाहतो, तो शहराच्या पिण्याच्या व शेतीच्या पाण्याच्या व्यवस्थेचा भाग आहे. त्यामुळे टंचाईच्या वर्षांत शोभेच्या पाण्याचा प्रश्न स्वाभाविकपणे पुढे येतो.

महत्त्व

या उद्यानामुळे पुण्यातील विद्यार्थ्यांना जपानी उद्यानकलेची मूलतत्त्वे प्रत्यक्ष चालून अभ्यासता येतात. पुण्यात जपानी भाषेचे शिक्षण दीर्घकाळ चालत आले आहे. त्या विद्यार्थ्यांना पुस्तकातील अनेक संज्ञांचे मूर्त रूप येथे पाहता येते. मूळ उद्यान पूर व युद्ध यांतून सावरले, ते जुनी चित्रे व नोंदी जपून ठेवल्यामुळे. सार्वजनिक उद्यानाचे नकाशे, लागवडीच्या याद्या व बदलांच्या नोंदी नीट ठेवणे का आवश्यक आहे, याचा कोराकुएनचा इतिहास हा नमुना ठरतो.

हेही पहा

सारसबाग
तुळशीबाग
पूर्वरंग
पानशेत धरण