दात्तामित्रीचा पत्ता

सायखेड्याचा पूल गोदावरीवर आहे. नदीच्या वरच्या अंगाला नाशिक, खाली दूरवर पैठण. सातवाहनांच्या काळात या खोऱ्यातली नावं लेण्यांच्या भिंतींवर खोदली गेली. त्यातलं गोवर्धन आजही गंगापूरजवळ त्याच नावानं नांदतंय. पण नाशिकच्याच त्रिरश्मी डोंगरावर, पांडवलेण्यांतल्या १७ क्रमांकाच्या लेण्यात कोरलेल्या दात्तामित्रीचा ठिकाणा पक्का होत नाही.

लेणं खोदवणारा धर्मदेवाचा मुलगा इंद्राग्निदत्त. तो स्वतःला योनक, म्हणजे ग्रीक म्हणवतो. शिवाय उत्तरेकडचा आणि दात्तामित्रीचा. आईवडिलांप्रीत्यर्थ लेणं, चैत्यगृह आणि पाण्याच्या पोढी त्यानं भिक्खुसंघाला दिल्या. दानात मुलगा धर्मरक्षितही आहे. नावं बघा: इंद्र-अग्नी वेदातले, धर्मरक्षित बौद्ध वळणाचं. ग्रीकपण उरलं ते गावाच्या नावात.

कारण दात्तामित्री म्हणजे बहुधा ग्रीकांचं डेमेट्रिआस, बॅक्ट्रियाच्या डेमेट्रिअस राजाच्या नावाचं. इ. स. पू. दुसऱ्या शतकाच्या सुरुवातीला या राजानं हिंदुकुशाच्या दक्षिणेला हातपाय पसरले. खारॅक्सच्या इसिडोरनं पार्थियन वाटेवरच्या मुक्कामांची यादी केली, त्यात डेमेट्रिआस आहे ते अराकोशियात, कंदाहारच्या बाजूला. पाणिनीवरची काशिकावृत्ती मात्र दत्तामित्रानं वसवलेली नगरी सौवीर देशात, म्हणजे सिंधूच्या खालच्या खोऱ्यात टाकते. १९३८ साली इतिहासकार टार्ननी सिंधमधलं डेमेट्रिआस उचलून धरलं. १९५७ मध्ये अवधकिशोर नारायण यांनी टार्नच्या डेमेट्रिअसच्या हिंदुस्थानी दिग्विजयालाच हरकत घेतली.

मला सिंध पटतो. काशिका कित्येक शतकं नंतरची आहे, हे खरं. पण व्याकरणकाराला राजांच्या दिग्विजयाशी देणंघेणं नव्हतं. त्याला सौवीरातल्या नगरीचं एक चालू उदाहरण हवं होतं. आणि सिंधूच्या मुखापासून भडोच, सोपाऱ्यापर्यंत गलबतं येत होतीच. सोपाऱ्याहून थळघाट चढला की नाशिक.

असंच हरवलेलं गाव कार्ल्याच्या लेण्यातही भेटतं. तिथल्या खांबांवर धेनुकाकटच्या यवनांची नावं आहेत. कुणी ते थेट आंध्रात नेलं, तर दामोदर धर्मानंद कोसंबींनी कार्ल्याच्या आसपासच दाखवलं. दात्तामित्रीच्या बाबतीत असा जवळचा तोडगा काढायची सोय नाही. इंद्राग्निदत्तानं स्वतःला उत्तरेकडचा म्हणवून ती वाट बंद केली आहे.