पॅरिसहून आलेलं विमान आणि न आलेली पन्नास विमानं

इराणच्या क्रांतीवरचा आपला भाग झाल्यावर बडोद्याच्या एका श्रोत्यांनी मला विचारलं होतं, "खोमेनी परदेशात बसून कॅसेटच्या जोरावर शहाचं राज्य उलथवू शकले, मग आज लंडन आणि लॉस एंजेलिसहून चोवीस तास चॅनेल चालवणाऱ्या त्यांच्या विरोधकांना ते का जमत नाही?" प्रश्न मला आवडला. उत्तरासाठी थोडं मागे जावं लागेल, म्हणून आजचा पूर्ण भाग त्यावरच.

आधी त्या कॅसेटचं बघू, कारण तिच्याविषयी गैरसमज फार आहेत. शहाने खोमेनींना 1964 मध्ये देशाबाहेर काढलं. आधी तुर्कस्तान, मग 1965 पासून इराकमधलं नजफ. तिथे ते तेरा वर्षं होते. बगदाद रेडिओवरून शहाच्या विरोधात फारसीत कार्यक्रम चालायचे, पण 1975 मध्ये इराण आणि इराकचा अल्जियर्स करार झाला आणि सद्दामने शहाच्या विरोधकांचा आवाज बंद केला. निर्वासिताचा माइक यजमानाच्या मालकीचा असतो, हे तेव्हापासून दिसत आलंय. पुढेही दिसेल.

1978 मध्ये शहाने इराकवर दबाव आणला आणि खोमेनींना नजफमधूनही निघायला लावलं. कुवेतने सीमेवरूनच परत पाठवलं. ऑक्टोबरमध्ये ते पॅरिसजवळच्या नोफ्ल-ल-शातो या खेड्यात पोहोचले. शहाला वाटलं, म्हातारा लांब गेला, बरं झालं. प्रत्यक्षात झालं उलटंच. नजफमध्ये ना जगाचे पत्रकार होते, ना धड टेलिफोन. फ्रान्समध्ये दोन्ही होतं. तिथल्या चारेक महिन्यांत खोमेनींनी शंभराहून अधिक मुलाखती दिल्या. भाषण झालं की ते फोनवरून तेहरानला ऐकवायचं, तिकडे टेपरेकॉर्डर लावून बसलेला माणूस ते उतरवून घ्यायचा, त्याच्या प्रती निघायच्या आणि मशिदी-बाजारांच्या वाटेने गावोगाव जायच्या.

माझ्या मते सगळं उत्तर या शेवटच्या वाक्यात आहे. कॅसेट स्वतः चालत जात नाही. ती ज्या मशिदीत पोहोचायची तिथला मुल्ला खोमेनींचा शिष्य किंवा शिष्याचा शिष्य असायचा. बाजारातला व्यापारी वर्षानुवर्षं त्याच मंडळींना धर्मादाय पैसे देत आलेला. हे जाळं कॅसेटच्या आधीपासून होतं आणि शहाच्या सावाक या गुप्त पोलिसांना ते कधीच पुरतं तोडता आलं नाही. त्यात तेलकामगार संपावर गेले. वर्तमानपत्रंही जवळपास दोन महिने बंद होती, त्यामुळे लोक संध्याकाळी बीबीसीची फारसी सेवा लावून बसायचे. शहा ब्रिटिश राजदूताकडे तक्रार करायचा की तुमचा रेडिओ माझं राज्य बुडवतोय. रेडिओ बातमी देत होता. राज्य बुडवणारे लोक रस्त्यावर होते.

1 फेब्रुवारी 1979 ला एअर फ्रान्सचं विमान तेहरानला उतरलं. विमानात एका पत्रकाराने विचारलं, इतक्या वर्षांनी परतताना काय वाटतंय? खोमेनी म्हणाले, "हिची." म्हणजे काहीच नाही.

हे विमान उतरू देणारा पंतप्रधान होता शापूर बख्तियार. स्वतः शहाच्या तुरुंगात राहून आलेला, लोकशाहीवादी माणूस. तो सदतीस दिवसच पंतप्रधान राहिला आणि नंतर पळून कुठे गेला? पॅरिसला! तिथून त्याने इराणी जनतेला रेडिओवरून हाक द्यायला सुरुवात केली. मात्र ज्या देशाच्या मदतीने हे चालायचं, तो होता सद्दामचा इराक. सप्टेंबर 1980 मध्ये त्याच सद्दामने इराणवर हल्ला केला. विचार करा, घरातला मुलगा आघाडीवर मरतोय आणि शत्रूच्या मदतीने कोणीतरी तुम्हाला स्वातंत्र्याच्या गोष्टी सांगतोय. ऐकाल? मुजाहिदीन-ए-खल्क ही संघटना तर 1986 मध्ये थेट इराकमध्येच तळ ठोकून बसली. इराणमध्ये तिची पत आजही त्या निर्णयामुळे घसरलेली आहे, आणि ते मला स्वाभाविक वाटतं.

त्याच 1986 च्या सप्टेंबरमध्ये आणखी एक गंमत झाली. इराणच्या सरकारी टीव्हीवर अचानक शहाचा मुलगा रेझा पहलवी दिसू लागला. सीआयएने पुरवलेल्या छोट्या ट्रान्समीटरने ही घुसखोरी केली होती. अकरा मिनिटं तो बोलला. मग पुन्हा नेहमीचा कार्यक्रम सुरू. पडद्यावर चेहरा दिसला, पण तो पाहून उठणारी, एकमेकांना ओळखणारी माणसं आतमध्ये नव्हती.

आता लॉस एंजेलिसला जाऊ. क्रांतीनंतर तिथे इतके इराणी स्थायिक झाले की शहराच्या त्या भागाला लोक 'तेहरांजेलिस' म्हणतात. 2000 साली झिया अताबाई नावाच्या जुन्या पॉप गायकाने तिथून एनआयटीव्ही हे चॅनेल सुरू केलं. त्यामागोमाग अशी अनेक चॅनेल आली. एक खुर्ची, मागे सिंह आणि सूर्याचा जुना झेंडा, समोर फोन. निवेदक तासन् तास बोलतोय आणि इराणमधून लोक फोन करतायत. इराणमध्ये 1990 च्या दशकातच डिश अँटेनावर कायद्याने बंदी आली होती. तरी गच्चीवर, ताडपत्रीखाली, पाण्याच्या टाकीआड डिश असायच्याच.

2004 मध्ये यातल्याच एका चॅनेलवर फतहुल्ला खालेगी यझदी, टोपणनाव हखा, हे गृहस्थ झळकले. त्यांनी जाहीर केलं, 1 ऑक्टोबरला मी पन्नास विमानं घेऊन तेहरानला उतरणार, राजवट कोसळणार, तुम्ही रस्त्यावर या. आपल्याला हसू येतं. पण तेहरानमध्ये काही लोक खरंच बाहेर पडले आणि त्यातल्या काहींना पोलिसांनी धरलं. विमान एकही आलं नाही. मला या प्रसंगात हखापेक्षा त्या बाहेर पडलेल्या माणसांचं जास्त वाटतं. त्यांनी 1979 चं विमान पाहिलं होतं किंवा आईवडिलांकडून ऐकलं होतं. एकदा झालंय म्हणजे पुन्हा होऊ शकतं, एवढाच त्यांचा हिशेब. तो अगदी वेडा नव्हता.

हा हिशेब राज्यकर्त्यांच्याही डोक्यात पक्का बसलेला आहे. आपण स्वतः कॅसेटमधून सत्तेवर आलो, हे ते विसरलेले नाहीत. त्यामुळे विरोधकांची ताकद कितीही तोकडी असो, त्यांच्या आवाजाला ही राजवट फार गंभीरपणे घेते. जुलै 2003 मध्ये अमेरिकेहून इराणकडे जाणारं फारसी प्रक्षेपण उपग्रहावरच बिघडू लागलं. शोध घेतला तर अडथळ्याचा उगम निघाला क्यूबात, हवानाच्या जवळ! क्यूबाने नंतर सांगितलं की हे इराणी वकिलातीच्या जागेतून चाललं होतं. पद्धत सोपी असते: उपग्रहाकडे त्याच वारंवारितेवर अधिक जोराचा निरर्थक संदेश सोडायचा, म्हणजे मूळ कार्यक्रमाचा चुराडा होतो. इराणी लोक त्या खरखरीला 'पाराझित' म्हणतात. व्हॉइस ऑफ अमेरिकाच्या फारसी सेवेने 2009 मध्ये राजकीय विनोदाचा कार्यक्रम काढला, त्याचं नावच 'पाराझित' ठेवलं. 2016 मध्ये तर सरकारने एकाच मोहिमेत एक लाख डिश मोडून टाकल्याचं जाहीर केलं.

डिश मोडणं हा सौम्य प्रकार. बख्तियारवर पहिला हल्ला 1980 मध्येच झाला. तो वाचला, पण एक पोलीस आणि शेजारची एक बाई मारली गेली. ऑगस्ट 1991 मध्ये, दाराशी फ्रेंच पोलिसांचा पहारा असताना, त्याचा आणि त्याच्या सचिवाचा घरातच खून झाला. मृतदेह दोन दिवसांनी सापडले. पुढच्याच वर्षी बॉनमध्ये फरिदून फरुखझाद हा गायक आणि सूत्रसंचालक मारला गेला. त्याचा गुन्हा म्हणजे मंचावरून खोमेनींची टिंगल. रुहुल्ला झम पॅरिसहून टेलिग्रामवर आमद न्यूज चालवायचा. 2017-18 च्या निदर्शनांच्या वेळी त्याचे लाखो वाचक होते. ऑक्टोबर 2019 मध्ये त्याला इराकमध्ये बोलावून घेऊन पकडलं आणि डिसेंबर 2020 मध्ये फाशी दिली.

आता पैशाचं. लॉस एंजेलिसची ती चॅनेल जाहिराती आणि देणग्यांवर रडतखडत चालायची. 2017 मध्ये लंडनहून सुरू झालेलं इराण इंटरनॅशनल मात्र झगझगीत आहे. त्यामागे सौदी पैसा असल्याचं ब्रिटिश वर्तमानपत्रांनी लिहिलं. कोणत्याही सरकारशी संबंध नाही, असं चॅनेल म्हणतं. मला यात सद्दामच्या रेडिओची आठवण होते, पण फरकही मान्य केला पाहिजे. सप्टेंबर 2022 मध्ये महसा अमिनीच्या मृत्यूनंतर इराणच्या रस्त्यांवरचे मोबाइल व्हिडिओ याच चॅनेलवरून पुन्हा इराणमध्ये पोहोचले. बातमी आतून बाहेर आणि बाहेरून आत, अशी उलटसुलट वाहत होती. नेतृत्व मात्र तसं वाहत नव्हतं. फेब्रुवारी 2023 मध्ये रेझा पहलवी, पत्रकार मसीह अलीनेजाद वगैरे मंडळी वॉशिंग्टनमध्ये एका मंचावर आली. एप्रिल संपायच्या आत ती आघाडी फुटली होती. आतमध्ये तुरुंगात असलेल्या शिक्षकांच्या, कामगारांच्या संघटनांना त्या मंचावरून काय मिळालं, हे मला तरी दिसलेलं नाही.

त्याच फेब्रुवारीत ब्रिटिश पोलिसांनी इराण इंटरनॅशनलला सांगितलं की लंडनमध्ये तुमच्या माणसांची सुरक्षा आम्हाला अवघड जातेय. चॅनेल वॉशिंग्टनला हललं आणि काही महिन्यांनी परत आलं. मार्च 2024 मध्ये त्यांचा निवेदक पूरिया झेराती याला लंडनमध्ये घराबाहेर भोसकलं गेलं. जखम पायाला होती. हल्लेखोर काही तासांत विमान पकडून देशाबाहेर गेले. झेराती काही दिवसांतच कॅमेऱ्यासमोर परतला.