शेवट ठाऊक नसलेला इतिहास

इतिहास लिहिणाराला शेवट आधींच ठाऊक असतो. ज्यांच्याविषयीं तो लिहितो त्यांना मात्र तो ठाऊक नसतो. ‘चार्ली इज माय डार्लिंग’ या चित्रपटाचें मोल येथेंच आहे. ‘रोलिंग स्टोन्स’ हा इंग्रज वाद्यवृंद सप्टेंबर १९६५ मध्यें डब्लिन व बेलफास्ट येथें दोन दिवसांच्या दौऱ्यावर गेला, तेव्हां पीटर व्हाइटहेड यानें तो दौरा टिपला. वृंद स्थापन होऊन उणींपुरीं तीनच वर्षें झालीं होतीं.

या तरुणांचे गुरु म्हणजे ‘ब्लूज’ गाणारे अमेरिकेंतील कृष्णवर्णीय गायक. वृंदाचें नांवहि मडी वॉटर्स याच्या १९५० मधील गीतावरून घेतलेलें. हें ऋण त्यांनीं लपविलें नाहीं. १९६५ च्याच मे महिन्यांत अमेरिकन दूरचित्रवाणीवर त्यांनीं हाउलिन वुल्फ या ज्येष्ठ ब्लूज-गायकाला आग्रहानें गावयास लाविलें.

डब्लिनच्या प्रयोगांत प्रेक्षक रंगमंचावर चढतात आणि गाणें बंद पडतें. परंतु त्या कल्लोळापेक्षां मनाला अधिक चटका लावतो तो वृंदाचा संस्थापक ब्रायन जोन्स. आपलें भवितव्य अनिश्चित आहे, असें तो सहज बोलून जातो. १९६९ मध्यें, अवघ्या सत्ताविसाव्या वर्षीं, तो वारला. वृंदानें मात्र साठी ओलांडली.

दीर्घकाळ दुर्मिळ राहिलेला हा चित्रपट २०१२ मध्यें नव्या संकलनासह लोकांपुढें आला. आठवणी मागाहून शहाण्या होतात. कॅमेऱ्याला तें शहाणपण नव्हतें. म्हणूनच त्याची साक्ष अधिक खरी वाटते.